टेप पुसली गेली, म्हणे

आज उत्तर आलं. आत्यानं तरुणपणी टीव्हीवर एक नाटक केलं होतं, त्याची प्रत मिळेल का, असं विचारत मी वाहिनीला चार पत्रं लिहिली. उत्तर दोन ओळींचं: त्या टेपवर नंतर दुसरा कार्यक्रम रेकॉर्ड झाला, मूळ उपलब्ध नाही. दुपारपासून डोकं तापलंय.

घरात उरलीय ती फक्त एक ऑडिओ कॅसेट. टीव्हीच्या स्पीकरपुढे टेपरेकॉर्डर धरून आजोबांनी भरलेली. तिच्यात त्यांचा खोकला आहे, "गप्प बसा रे" आहे आणि मागून आत्या.

व्हिडिओटेप महाग होती, पुन्हा वापरावी लागायची. बरं, मान्य. पण म्हणून काय काय पुसावं? १९६७ चा पहिला सुपर बोल, म्हणजे अमेरिकन फुटबॉलचा अंतिम सामना, अमेरिकेत दोन वाहिन्यांनी दाखवला, दोघींनीही टेपा पुसल्या. १९६९ ला माणूस चंद्रावर उतरला, त्या रात्रीचं बीबीसीच्या स्टुडिओतलं प्रक्षेपणही बहुतेक गेलं. बीबीसीच्याच 'डॉक्टर हू' या मालिकेचे साठच्या दशकातले नव्वदहून जास्त भाग आजही सापडत नाहीत. चंद्रावरची रात्र पुसायला हात कसा धजला कुणाचा?

आणि वाचवलं कोणी? 'डॉक्टर हू'च्या त्या हरवलेल्या प्रत्येक भागाचा आवाज आज शिल्लक आहे, कारण घराघरांतली पोरं टीव्हीपुढे माइक धरून बसली होती. आमच्या आजोबांसारखीच! २०१३ साली त्याच मालिकेचे नऊ भाग नायजेरियातल्या एका टीव्ही केंद्रात सापडल्याचं जाहीर झालं. अमेरिकेत मॅरियन स्टोक्स नावाच्या बाईंनी २०१२ मध्ये मरेपर्यंत तीस-पस्तीस वर्षं घरी टीव्ही रेकॉर्ड केला, सुमारे ७०,००० टेपा.

सगळंच जपता येत नाही, हेही खरं. पण उद्या कोण काय शोधत येईल, हे पुसणाऱ्याला कुठून कळणार? ज्या टेपा वाचल्यात त्यांच्यावरचा चुंबकीय थरही सुटतोय, त्या वाजवायची यंत्रं बनणं बंद झालंय. कुणाच्या कपाटात टीव्हीवरून भरलेल्या जुन्या कॅसेट असतील तर टाकू नका रे. हात जोडतो.

संध्याकाळी आत्याला ती कॅसेट ऐकवली. उत्तराबद्दल बोललो नाही. डोळे मिटून ती सगळे संवाद ओठांतल्या ओठांत म्हणत होती, आजोबांच्या खोकल्यापाशी थांबत होती. मग एकदम विचारलं, "त्या प्रवेशात मी कुठल्या बाजूनं आत येते रे? आणि साडी कुठली होती?"

मला काय माहीत. मी तेव्हा जन्मलोही नव्हतो.