तांदळाच्या पिठीचे पियेरोगी का फुटले: प्रतिक्रियेला उत्तर

लो-फॉडमॅप आहारासाठी (पोटात आंबून वायू करणारी काही कर्बोदकं टाळणारा आहार) तांदळाच्या पिठीच्या, कांदा न घातलेल्या पियेरोगींची (पोलंडच्या उकडलेल्या, सारण भरलेल्या करंज्यांची) पाककृती दिली होती. त्यावर तुमचे आक्षेप तीन: तांदळाच्या पारीला पियेरोगी म्हणू नये, कांदा अख्खा शिजवून काढून टाकला तर काय बिघडतं, आणि बारापैकी सात पाण्यात फुटले. शेवटच्यापासून सुरुवात करू, कारण तिथे चूक पाककृतीचीच आहे.

'उकळत्या पाण्यात सोडा' हे मैद्याच्या पारीला लागू. मैद्यातलं ग्लूटेन ताणलं जातं, आतून वाफ आली तरी धरून ठेवतं. उकडीत ते नसतं. तिच्यातला स्टार्च आधीच शिजून फुगलेला असतो. खळखळत्या पाण्यात तो आणखी पाणी पितो, वरचा थर सुटतो आणि मग जोड उघडतो. म्हणून हे मोदकासारखे वाफवा: चाळणीला तेलाचा हात, झाकणाखाली फडकं, ८ ते १० मिनिटं. लगेच उचलू नका, गरम पारी चिकटते. ५ मिनिटांनी काढा. खरपूस हवे तर पूर्ण गार झाल्यावर थोड्या लोण्यात परता.

१ वाटी मोदकाची पिठी, १ वाटी पाणी, १ चमचा तेल, मीठ. पिठीत १ लहान चमचा इसबगोल मिसळलंत तर पारी दुमडताना कमी तडकते. तरीही कडा तडकली तर उकड कोरडी आहे, पाण्याच्या हाताने पुन्हा मळा. सारण एक चमचाच. त्यातलं लोणी कडेला लागलं की जोड बसत नाही.

आता कांदा. त्यातलं फ्रुक्टन (या आहारात टाळायचं एक कर्बोदक) पाण्यात विरघळतं, तेलात नाही. बटाट्याबरोबर शिजवून कांदा काढलात तरी फ्रुक्टन बटाट्यात उतरलेलं असतं. म्हणून ३०० ग्रॅम बटाटा आणि १५० ग्रॅम पनीर यांत कांद्याच्या पातीचा फक्त हिरवा भाग, लोण्यात परतून. भरपूर मिरी घाला, 'रुस्किए'ची (बटाटा-चीजच्या पियेरोगींची) चव तीच. हिंग चालेल, पण बाजारच्या पुडीत बहुधा गव्हाचं पीठ असतं. सिलिअ‍ॅक (ग्लूटेनने आतड्याला इजा होण्याचा आजार) असेल तर वेष्टन वाचाच. पोलंडच्या त्वारोगचा (ताज्या चीजचा) आंबटपणा पनीरला नाही, तो १ लहान चमचा लिंबाच्या रसाने येतो. चक्का चवीला जवळचा, पण ओलसर. पारी भिजवतो आणि त्यात लॅक्टोजही पनीरपेक्षा जास्त राहतं.

नावाबद्दल तुमचं निम्मं पटतं. लुब्लिनकडे सारणात कुट्टूचे दाणे, त्वारोग आणि पुदिना घालतात, म्हणजे सारणाबाबत पोलंड मोकळाच; पारी मात्र गव्हाचीच. तेव्हा 'पियेरोगीच्या वळणाच्या उकडीच्या करंज्या' म्हणा, हरकत नाही. कोबी-अळिंबीचं सारण करणार असाल तर थांबा: बटण अळिंबीत मॅनिटॉल (या आहारात टाळायचं आणखी एक कर्बोदक) भरपूर असतं, धिंगरी चालते.

आणि हा लो-फॉडमॅप आहार २ ते ६ आठवड्यांचाच. मग आहारतज्ज्ञाला विचारून एकेक जिन्नस परत आणा. आधी (सिलिअ‍ॅक नसेल तरच) हेच सारण मैद्याच्या पारीत, काही दिवसांनी कांदा, पण उकडीत. दोन्ही एकदम आणलेत तर पोट कशाने फुगलं ते कळणार नाही.