चेक नाकारला म्हणून जमीन परत मिळत नाही

गेल्या आठवड्यात मामांचा फोन आला. कालव्यात गेलेल्या सव्वा एकराचा मोबदला घेऊन जा, अशी नोटीस त्यांना आली होती. मामा म्हणाले, "चेक घ्यायचा नाही. घेतला की हक्क संपला." कुणी सांगितलं? तर व्हॉट्सॲपने. तोच मेसेज तोवर भावकीत घरोघरी पोचला होता: 'सुप्रीम कोर्टाचा निकाल. पाच वर्षांत पैसे दिले नाहीत तर संपादन रद्द, जमीन परत. मोबदला उचलू नका. उशिराबद्दल आजच्या बाजारभावाने पैसे मिळणार. वापरली नाही तर जमीन शेतकऱ्यालाच.'

'मोबदला उचलू नका' हे वाचून माझं डोकंच फिरलं. 2013च्या भूसंपादन कायद्यात पैसे आधी आणि ताबा नंतर, असा क्रम आहे. मामांच्या बाबतीत दीड वर्षापूर्वीच जेसीबी शेतात शिरला आणि पैशाची नोटीस आत्ता आली. अशा वेळी कलम 80 प्रमाणे ताब्याच्या दिवसापासून पहिल्या वर्षी 9 टक्के आणि पुढे 15 टक्के व्याज द्यावं लागतं. पण कधीपर्यंत? रक्कम दिली जाईपर्यंत किंवा भूसंपादनाचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाकडे जमा होईपर्यंत. तुम्ही चेक नाकारलात की अधिकारी ती रक्कम जमा करतो आणि तिथेच तुमचं व्याज थांबतं. जमीन गेलेली, पैसे हातात नाहीत, व्याजही बंद. मेसेज लिहिणाऱ्याचं यात काय जातं?

मामांची भीती अगदीच खोटी नाही, हे मान्य. कसलीही हरकत न नोंदवता पैसे घेतले, तर वाढीव मोबदल्यासाठी अर्ज करता येत नाही. कलम 77 तसंच सांगतं. पण त्यावरचा उपाय त्याच कलमात आहे: रक्कम अपुरी असल्याची हरकत नोंदवून ती घ्यायची.

आता पाच वर्षांचं. हा नियम आहे, पण तो 1894च्या जुन्या कायद्याखाली, 1 जानेवारी 2014च्या किमान पाच वर्षं आधी निवाडा (म्हणजे मोबदला ठरवणारा आदेश) झालेल्या प्रकरणांपुरता. मामांचा निवाडा यंदाचा आहे. पुणे महापालिकेच्या खटल्यात 2014 साली सुप्रीम कोर्टाने या नियमाचा अर्थ जमीनमालकांच्या बाजूने लावला होता, मेसेजचं मूळ बहुधा तिथे असावं. पण 6 मार्च 2020 रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो अर्थ मोडीत काढला. ताबाही घेतला नाही आणि मोबदलाही दिला नाही, अशी दोन्ही कारणं असतील तरच संपादन रद्द होतं, एकावर भागत नाही. आणि ज्याने स्वतःच मोबदला नाकारला, त्याला 'पैसे मिळाले नाहीत' म्हणून संपादन रद्द झाल्याचा दावा करता येत नाही, हेही त्याच निकालात आहे. म्हणजे मेसेज जे करायला सांगतो, नेमकं तेच केल्याने माणूस अडकतो.

आजच्या भावाची गोष्ट निम्मी खरी. 2 जानेवारी 2025चा निकाल बंगळुरू-म्हैसूर महामार्ग प्रकल्पातल्या जमिनींचा. ताबा 2005 साली, निवाडा थेट 2019 साली, तोही 2011चे दर धरून. सुप्रीम कोर्टाने 22 एप्रिल 2019चा बाजारभाव धरायला लावला. पण त्यासाठी घटनेच्या अनुच्छेद 142चा, म्हणजे पूर्ण न्यायासाठी हवा तो आदेश देण्याचा, खास अधिकार वापरावा लागला. सरसकट सगळ्यांना मिळेल असा तो नियम नव्हे, आणि जमीन तिथेही कुणाला परत मिळाली नाही.

न वापरलेल्या जमिनीबद्दल एवढंच, की 2013च्या कायद्याचं कलम 101 मूळ मालकासोबत सरकारच्या लँड बँकेचंही (सरकारकडच्या जमिनींच्या साठ्याचं) नाव घेतं, म्हणजे ती शेतकऱ्यालाच मिळेल असं नाही.

मामा सोमवारी जाणार आहेत. पावतीवर लिहायचं वाक्य मी त्यांना कागदावर लिहून दिलंय: 'मोबदला अपुरा आहे, हरकत कायम ठेवून रक्कम स्वीकारत आहे.' त्याच कागदाची एक प्रत शिक्का मारून परत घ्यायची. निवाड्याच्या वेळी हजर नसलेल्याला वाढीव मोबदल्याचा अर्ज करायला निवाड्याची नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे असतात, त्यातले दोन या मेसेजपायी गेले.