नादपंथ काढायचा असेल तर

तुम्ही नुकते निवृत्त झाला असाल, घराला गच्ची असेल आणि 'अहो, सगळं विश्व म्हणजे कंपनंच' हे वाक्य चहाची बशी न हलवता म्हणता येत असेल, तर आता उशीर करू नका. ध्वनी हेच अंतिम सत्य मानणारा एक पंथ काढून टाका. मंदिर बांधायचं नाही, मूर्ती घडवायची नाही. एक तंबोरा (इलेक्ट्रॉनिक चालतो), चार सतरंज्या आणि एक जाड पडदा, झालं.

पडद्यात काटकसर नको. ही युक्ती जुनी आहे. इसवी सनापूर्वी 530 च्या सुमारास पायथागोरस दक्षिण इटलीतल्या क्रोटोन गावी येऊन राहिला. नव्या शिष्याने पाच वर्षं तोंड उघडायचं नाही, गुरूला बघायचंही नाही, पडद्याआडून येईल ते ऐकायचं, अशी तिथली शिस्त असल्याचं पुढच्या काळातले चरित्रकार सांगतात. वाद निघालाच तर 'त्यांनी स्वतः सांगितलंय' एवढ्यावर मिटायचा. पाच वर्षं गप्प बसलेला माणूस सहाव्या वर्षी शंका विचारत नाही. पाच वर्षं वाया गेली असं कोणाला वाटून घ्यायचं असतं? त्या पंथात बाकल्याच्या (वालासारख्या शेंगेच्या) बियाही वर्ज्य होत्या म्हणे. ते मात्र उचलू नका. डाळिंब्यांच्या उसळीवर बंदी घालून आपल्याकडे चार माणसं टिकायची नाहीत.

पहिल्या प्रवचनाला लोहाराची गोष्ट घ्या. पायथागोरस भात्यावरून चालला होता, घणांचे आवाज एकमेकांत सुरेल मिसळत होते. त्याने घण तोलले, तर वजनं 12, 9, 8 आणि 6 निघाली. घरी येऊन तेवढीच वजनं तारांना टांगली, आणि तेच सूर! म्हणजे जग आकड्यांचं आणि आकडे सुरांचे. ही गोष्ट त्याच्यानंतर सहाएकशे वर्षांनी निकोमाखस नावाच्या ग्रीक गणितीने लिहून ठेवली, यावर रेंगाळू नका.

मग कोणीतरी विचारणारच, ग्रहतारे गातात तर ऐकू का येत नाहीत? उत्तर तयार आहे. जन्मल्यापासून कानावर पडतंय म्हणून जाणवत नाही, तांबटाला स्वतःची ठोकठोक जाणवत नाही तसंच. तांबटाचा दाखला मी पुण्याच्या तांबट आळीतून आणलेला नाही, तो अ‍ॅरिस्टॉटलने नोंदवलेला आहे. त्याने पुढच्याच दमात हे म्हणणं मोडीतही काढलं. तुम्ही दम तिथेच सोडा. ऐकू येत नाही हाच ज्याचा पुरावा, त्याला खोटं कोण पाडणार?

देशी आधार हवा म्हणून शार्ङ्गदेवाचं नाव अवश्य घ्या. तेरावं शतक, देवगिरी, सिंघण यादवाचा दरबार आणि 'संगीतरत्नाकर'. आहत (आघाताने उमटणारा) नाद, अनाहत (आघाताविना असणारा) नाद, नादब्रह्म, सगळं तिथे आहे. फक्त ग्रंथ उघडू नका. हा गृहस्थ राज्याच्या हिशेबखात्यातला. ब्रह्माला नमस्कार करून झाला की तो बावीस-बावीस तारांच्या दोन वीणा मांडतो, एक तशीच ठेवतो, दुसरीच्या तारा टप्प्याटप्प्याने उतरवतो आणि श्रुती (सप्तकातले बारीक सूर) कशा जुळतात ते कानाने पडताळायला सांगतो. अशा माणसाचा फोटो नाही हे बरंच आहे, नाहीतर भिंतीवर लावावा लागला असता.

श्रद्धा डळमळायला लागली की प्रयोग दाखवा. ताटात बारीक वाळू, खाली स्पीकर, वर नक्षी, मागे मंद निळा दिवा. पितळी किंवा काचेच्या पत्र्यावर वाळू टाकून कडेला व्हायोलिनचा गज ओढायचा हा खेळ क्लाडनी या जर्मन शास्त्रज्ञाने 1787 मध्ये छापला, पण त्याला निळा दिवा सुचला नव्हता. मी घरी करून पाहिला. पातेल्यावर प्लास्टिक ताणून बांधलं, चमचाभर रवा पसरला आणि तोंड जवळ नेऊन 'ओऽऽम' म्हटलं. रवा थरथरला, सरकला, मधोमध एक कडं उमटलं. अंगावर काटा आला. मग त्याच पट्टीत 'पोऽऽहे' म्हटलं, 'ओ' तेवढाच लांबवून. तेच कडं. पट्टी चढवली तेव्हा कुठे नक्षी बदलली. आई दारात उभी होती. म्हणाली, "झालं असेल तर रवा चाळून डब्यात टाक." तुम्ही हा प्रयोग पोह्यांशिवाय करा.

आता उत्पन्नाचं. 440 हर्ट्‌झला (वाद्यं जुळवायच्या आजच्या प्रमाण सुराला) जुळवलेलं संगीत माणसाला आजारी पाडतं आणि 432 हे विश्वाचं मूळ कंपन, असं सांगून ध्वनिफिती विका. हर्ट्‌झ म्हणजे सेकंदाला किती कंपनं, आणि सेकंद म्हणजे दिवसाचे माणसाने पाडलेले 86,400 तुकडे. उद्या दिवसाचे लाख तुकडे पाडले तर ब्रह्मांडाला बेसूर व्हावं लागेल. पण हे गणित कोणी करत नाही. खरी भीती गायकांची. एक जण पेटीच्या 'काळी एक' पट्टीत गाणार, दुसरी 'काळी पाच'मध्ये, आणि घसा बसला असेल त्या दिवशी षड्‌ज अर्ध्या पट्टीने खाली. षड्‌ज गळ्याप्रमाणे सरकवणारी ही जमात सभासद करून घेऊ नका.

सूर्य ओंकार म्हणतो, हेही हवंच. सूर्याच्या पृष्ठभागाचं एक स्पंदन साधारण पाच मिनिटांत पूर्ण होतं. ते कानाला कळायला हजारो पट वेगाने वाजवावं लागतं. एवढ्या वेगाने वाजवलं तर तुमच्या सोसायटीची वार्षिक सभाही गुणगुणल्यासारखी वाटेल, पण सांगताना फक्त 'नासा' म्हणा आणि डोळे मिटा.

घणांच्या गोष्टीचं थोडं राहिलं. व्हिन्सेन्झो गॅलिली नावाचा ल्यूट (एक तंतुवाद्य) वाजवणारा, त्या प्रसिद्ध गॅलिलिओचा बाप, याने 1580 च्या दशकात खरंच तारांना वजनं टांगली. सूर एक सप्तक वर न्यायला वजन दुप्पट नव्हे, चौपट लागलं. म्हणजे 6 आणि 12 वजनांच्या तारा, गोष्टीत म्हटलं तशा, एकमेकींपासून सप्तकाच्या अंतरावर बोलणं शक्यच नव्हतं, आणि घणाचा सूर तर त्याच्या वजनाच्या प्रमाणात चालतही नाही. निकोमाखसपासून जवळजवळ दीड हजार वर्षं ही गोष्ट विद्वानांनी विद्वानांना शिकवली होती. तेव्हा गच्चीच्या दाराशी चपलांचं रॅक ठेवालच, त्याच्या शेजारी एक कुलपाचं कपाट ठेवा. कोणाच्या पिशवीत तार आणि वजनं दिसली, तर आत सोडण्याआधी तिथे काढून घ्या.