युद्ध लावून देणारा अँकर

पुण्याहून दादाचं ठरलेलं पालुपद: "तुमच्या तिकडे ब्रिटनमध्ये बरंय. कोणाचीही टिंगल करा, खुर्च्या मोडायला कोणी येत नाही." रोख खारच्या हॅबिटॅट स्टुडिओकडे. मार्च २०२५ मध्ये कुणाल कामराच्या एकनाथ शिंदेंवरच्या गाण्यावरून तिथं शिवसैनिकांनी तोडफोड केली आणि दुसऱ्या दिवशी पालिकाही हातोडा घेऊन हजर झाली.

खुर्च्या मोडत नाहीत, मान्य. पण ब्रिटनमध्येही सगळं आलबेल नाही. २००१ मध्ये चॅनेल फोर वाहिनीवरच्या क्रिस मॉरिसच्या 'ब्रास आय' या विडंबनपर कार्यक्रमाने बालशोषणाच्या बातम्यांवरून माध्यमं जो उन्माद माजवतात त्याचं विडंबन केलं, तेव्हा मंत्री तुटून पडले. त्यातल्या एका बाईंनी तर कार्यक्रम पाहिलाच नव्हता. न पाहता भावना दुखावून घेण्याची मक्तेदारी काही आपली नाही.

मला हेवा वाटतो तो वेगळ्याच गोष्टीचा. १९९४ साली बीबीसीवर 'द डे टुडे' नावाचं खोटं बातमीपत्र लागायचं. त्यात अँकर झालेला हाच मॉरिस ऑस्ट्रेलिया आणि हाँगकाँग यांच्यातल्या नुकत्याच झालेल्या व्यापार कराराबद्दल दोन पाहुण्यांशी बोलतो. दोघेही खूश. हा एकाला डिवचतो, दुसऱ्याला चिथावतो आणि बघता बघता युद्ध पेटवून देतो. तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर काय आनंद पसरतो! लगेच युद्धाची ग्राफिक्स, वार्ताहर, सगळी जय्यत तयारी. लोकांच्या लायसन्स फीवर चालणाऱ्या बीबीसीने स्वतःच्याही बातम्यांच्या तोऱ्याची अशी फजिती दाखवली.

मे २०२५ मध्ये आपल्या काही वाहिन्यांनी कराची बंदरावर हल्ला झाल्याचं ठोकून दिलं, तेव्हा मला मॉरिसच आठवला.

नेत्यावर विनोद चालतो का, यावर आपण तावातावाने भांडतो. ते भांडण रोज रात्री लावून देणारा मात्र नामानिराळा. 'हास्यजत्रे'तल्या मंडळींकडे गुण कमी नाहीत. पण अँकरच्या ज्या नकला मी पाहिल्यात त्या हातवारे आणि आरडाओरड्यापाशीच थांबतात. बातमी कशी शिजते, तिथवर कोणी जात नाही.

"दाखवणार कोणती वाहिनी? मालक बातम्यांच्या धंद्यातलेच ना!" दादा विचारतो. प्रश्न रास्त आहे. 'ब्रास आय'लाही चॅनेल फोरचे प्रमुख मायकल ग्रेड यांनी कात्री लावली होतीच. मॉरिसने १९९७ च्या मूळ मालिकेच्या शेवटच्या भागात, डोळ्यांना धड दिसणारही नाही अशा एकाच फ्रेममध्ये, ग्रेड यांच्या नावाने कचकचीत शिवी लिहिली आणि ती त्यांच्याच वाहिनीवरून प्रसारित झाली.