एडिसन तिथे होते

आज दुपारी जेरुसलेममध्ये भाच्याच्या घरी जेवायला गेले होते. तिथे आलेल्या त्याच्या शेजाऱ्याने बोलता बोलता ठामपणे सांगितले, की झिख्रोन मोशे ही वस्ती पहिल्यापासून हरेदींचीच, म्हणजे अतिशय कर्मठ ज्यूंचीच, आहे आणि इथे सिनेमाचे थिएटर कधी नव्हतेच. भाच्याची मुले माना डोलावत ऐकत होती. ‘मावशी, जाऊ दे,’ असे भाचा हळूच म्हणाला, म्हणून मी तिथे वाद वाढवला नाही. परंतु घरी पोचेपर्यंत तो संताप उतरला नाही, म्हणून हे लिहीत आहे.

यशायाहू रस्त्यावर एडिसन थिएटर होते. ते १९३२ साली उघडले. माझी आई ठाण्याहून इथे आली ती १९६०च्या दशकात, आणि आल्यावर वर्षभराच्या आतच एका शनिवारी, शब्बाथ (शुक्रवार संध्याकाळपासून शनिवार संध्याकाळपर्यंतचा विश्रांतीचा पवित्र दिवस) सुटल्यावर, बाबा तिला एडिसनमध्ये घेऊन गेले. चित्रपट इंग्रजी होता, खालची अक्षरे हिब्रूत होती आणि आईला तेव्हा मराठीशिवाय धड काहीच येत नव्हते. शेजारच्या खुर्चीवर डोक्याला रुमाल घट्ट बांधलेली, लांब बाह्यांची एक धार्मिक बाई बसली होती. तिने आईच्या हातावर सूर्यफुलाच्या बिया ठेवल्या आणि पडद्यावर काय चालले आहे ते सबंध चित्रपटभर हातवारे करून समजावले. आई ही गोष्ट आम्हाला इतक्या वेळा सांगायची, की त्या बाईचा चेहरा मी स्वतः पाहिला आहे असे मला वाटते.

डोक्याला रुमाल बांधलेली ती बाई एडिसनमध्ये चोरून आली नव्हती. झिख्रोन मोशे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वसली तेव्हा तिथे डेव्हिड येलिन यांच्यासारखी शिकलेली, हिब्रू पुन्हा बोलती व्हावी म्हणून झटणारी माणसे राहत होती, आणि त्याच रस्त्यावर लेमेल ही शहरातली पहिली आधुनिक ज्यू शाळा होती. मेआ शेआरिम ही हरेदींची जुनी वस्ती तिथून चालत जाण्याइतकी जवळ होती, तरी एडिसन त्या वस्तीत उपरे नव्हते. १९३६च्या डिसेंबरात व्हायोलिनवादक हुबरमन यांनी उभारलेला नवा वाद्यवृंद घेऊन प्रसिद्ध इटालियन संगीतसंचालक तोस्कानिनी यांनी जेरुसलेममध्ये कार्यक्रम केला, तो याच सभागृहात. त्या वाद्यवृंदातले कितीतरी वादक नाझींमुळे युरोपातली नोकरी आणि घर गमावून आले होते. त्याच वर्षी १६ मे रोजी, शनिवारी रात्री, खेळ सुटून लोक बाहेर पडत असताना गोळीबार झाला आणि तीन ज्यू मारले गेले. ‘थिएटर नव्हतेच’ असे जो म्हणतो, तो या तिघांचे मरणसुद्धा पुसून टाकतो, आणि त्याला त्याची जाणीवही नसते, याचाच मला सर्वांत जास्त राग येतो.

हे मान्य करते, की जागा कोणी बळकावली नाही. मोठ्या कुटुंबांना घरे लागतात, आणि १९६८ साली टीव्ही सुरू झाल्यावर सगळ्याच थिएटरांची गर्दी ओसरली. ज्या थिएटरमुळे झायन चौकाला नाव मिळाले ते थिएटरही पाडले गेले, आणि तिथे बँकेची इमारत उभी राहिली. त्यात हरेदींचा काही संबंध नव्हता.

तरीही एडिसनच्या शेवटाला केवळ टीव्ही कारण होता असे मला कोणी सांगू नये. आजूबाजूची वस्ती बदलत गेली, भिंतींवर चित्रपटांविरुद्ध पाश्कविले, म्हणजे हरेदींची जाहीर पत्रके, चिकटू लागली. शुक्रवारी रात्री, म्हणजे शब्बाथला, होणाऱ्या खेळांवरून १९८७ साली सबंध शहर पेटले होते, शेकडो माणसे दर आठवड्याला रस्त्यावर उतरत होती, आणि शेवटी न्यायाधीश अयाला प्रोकाचिया यांना निकाल द्यावा लागला, की शब्बाथला खेळ बंद ठेवायला लावण्याचा अधिकार कायद्याने नगरपालिकेला दिलेलाच नाही. एडिसनला त्या निकालाने तारले नाही. पडदा बंद झाला, इमारत ओसाड पडली, २००६ साली ती पाडली गेली आणि त्या जागी सतमार या हरेदी पंथाच्या हसिदींसाठी घरे झाली. शब्बाथ मीही पाळते. माझ्या आईनेही तो जन्मभर पाळला, आणि म्हणूनच ती एडिसनला शब्बाथ सुटल्यावर गेली. तिला आणि त्या रुमालवाल्या बाईला जे सहज जमले, ते पाप होते असे आज मुलांना शिकवले जाते आणि ते मला सहन होत नाही.

आपल्या बेने इस्राएल लोकांना, म्हणजे महाराष्ट्रातून आलेल्या मराठी ज्यूंना, तर हे जास्त लागले पाहिजे. आपल्याला पुरते ज्यू मानावे, एवढ्यासाठी १९६४ साली आपल्या माणसांना या शहरात धरणे धरावे लागले होते. ‘तुम्ही इथले नव्हतातच’ हे वाक्य आपण ऐकलेले आहे.

लिहिता लिहिता राग थोडा निवळला आहे, कारण भाच्याची बायको आठवली. ती अत्यंत धार्मिक आहे, घरात टीव्ही नाही. पण सुक्कोथ या शरद ऋतूतल्या सणाच्या सुटीत हरेदी बायकांनी फक्त बायकांसाठी बनवलेले चित्रपट भाड्याच्या सभागृहात दाखवतात, तेव्हा ती मैत्रिणींबरोबर आवर्जून जाते. जेवणानंतर भांडी आवरताना मी तिला आईची गोष्ट सांगितली. तिने नळ बंद केला आणि विचारले, ‘ती बाई कोणत्या वस्तीतली होती?’ आईला ते कधीच कळले नव्हते. आपल्यालाही शेजारणीच्या कानात गोष्ट सांगत बसायची सवय आहे, असे ती म्हणाली, आणि त्या शेजाऱ्याचे बोलणे ऐकताना आपण गप्प राहिलो याचे तिला वाईट वाटले असावे, असे मला तिच्या चेहऱ्यावरून दिसले.

तिने मुलांसाठी एडिसनची हकिगत हिब्रूत लिहून मागितली आहे, आणि मी ती लिहिणार आहे. तुमच्यापैकी कोणाच्या आईवडिलांनी, काकामामांनी तिथे चित्रपट पाहिला असेल, तर साल आठवत नसले तरी खाली लिहा. कोणाकडे थिएटरच्या दाराशी काढलेला फोटो असेल तर तोही पाठवा. सुक्कोथच्या आत मला ते सगळे एका वहीत लावायचे आहे.