पाण्याच्या अर्जाखालचं नाव

काका,

मागच्या लेखावर तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, त्याला दोन ओळींत उत्तर देणं बरोबर नाही, म्हणून वेगळं लिहिते आहे. आमच्या भागातल्या बायकांनी पाण्यासाठी महापालिकेच्या झोन कार्यालयात अर्ज दिला, त्याबद्दलचा तो लेख. तुमचे आक्षेप असे: पाणी अख्ख्या सोलापूरला दिवसाआड करत करत चार-पाच दिवसांवर गेलं आहे, मग लेखात ‘आम्ही मुसलमान बायका’ कशाला? नागरिक म्हणून या, धर्म घरी ठेवून या. मराठी आमची म्हणता, तर मुस्लिम मराठी साहित्य संमेलन वेगळं का? मतदान एकगठ्ठा करता आणि स्वतःच्या समाजाला प्रश्न विचारत नाही. आणि शेवटी तुम्ही मनापासून विचारलंत, की मग करायचं काय?

धर्म घरी ठेवायचा म्हणजे नेमकं काय ठेवायचं, हे मला तुमच्याकडून समजून घ्यायला आवडेल. अर्जाखाली सही करावी लागते आणि सही नावानेच होते. शेख, नदाफ, बागवान, मुजावर. ते नाव वाचलं की समोरच्याला जे कळायचं ते कळतं. त्या दिवशी रांगेत आमच्या मागे उभे असलेले एक गृहस्थ अगदी सहज, चांगुलपणानेच म्हणाले, ‘तुमच्या नगरसेवकाला सांगा ना.’ 2017 साली आपल्याकडे 102 नगरसेवक निवडून आले आणि बहुतेक प्रभागांत चार-चार होते. तिथे प्रत्येक मतदाराने चौघांसाठी बटण दाबलं. तरी मुसलमान बाईने पाण्याचं गाऱ्हाणं नेमक्या एकाकडे न्यायचं, असं गृहीत धरलं जातं. उरलेले तीनही आमचेच आहेत. ‘आम्ही मुसलमान बायका’ असं मी लिहिलं ते याच कारणाने. त्या रांगेत जे घडलं ते आमच्या नावामुळे घडलं, ते वगळून लिहिलं असतं तर अर्धीच गोष्ट सांगितली असती.

पाणी सगळ्यांनाच उशिरा येतं हे तुमचं म्हणणं खरं आहे, आणि त्यातच माझा मुद्दा आहे. उजनी धरणातून येणारं पाणी पेठ बघून येत नाही. 1992 च्या हद्दवाढीत आलेल्या वस्त्यांमध्ये ड्रेनेजसाठी लोक वर्षानुवर्षं हेलपाटे घालत आले, त्यात मुसलमानबहुल नई जिंदगीही आहे आणि तुम्ही राहता तो जुळे सोलापूरचा भागही. मार्च 2022 मध्ये महापालिकेची मुदत संपली आणि नंतर दीर्घकाळ कारभार प्रशासकाकडे राहिला, तेव्हा विचारायला नगरसेवकच नव्हता, तुम्हालाही आणि आम्हालाही.

तुम्ही चार हुतात्म्यांची आठवण काढलीत. ‘कुर्बान हुसेन यांच्यासारखे व्हा’ असं लिहिलंत. मी शाळेत शिकवते, 12 जानेवारीला मुलांना त्यांच्याबद्दल दरवर्षी सांगते. 1930 च्या मे महिन्यात गांधीजींना अटक झाली, सोलापूर पेटलं, सरकारने इथे मार्शल लॉ लावला. पुढे 12 जानेवारी 1931 रोजी येरवड्यात चौघांना फाशी दिली. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. कुर्बान हुसेन गिरणी कामगारांत काम करायचे, वृत्तपत्र चालवायचे. ही चार नावं नुसती वाचली तरी या गावात कोण कोण राहतं ते कळतं. चौघांपैकी कोणालाही आपलं नाव घरी ठेवून चळवळीत यावं लागलं नाही.

पण ‘त्यांच्यासारखे व्हा’ हे वाक्य मला खुपलं, काका. माझ्या वर्गातली मुलगी उद्या गटारीवरचं झाकण फुटलंय म्हणून तक्रार देईल, तेव्हा तिच्यामागे एक हुतात्मा उभा करावा लागू नये. तुमच्या नातीला तसं कोणी विचारणार नाही. माझ्या विद्यार्थिनीलाही विचारू नये. तिचा हक्क घटनेतून येतो, कुर्बान हुसेन यांच्या फाशीतून नाही. त्यांच्याबद्दल मला अभिमान आहे, आणि म्हणूनच त्यांचं नाव प्रमाणपत्रासारखं वापरलेलं मला सहन होत नाही.

आता साहित्य संमेलन. पहिलं मुस्लिम मराठी साहित्य संमेलन 1990 साली भरलं ते आपल्या सोलापुरात. त्यामागे विचारवंत फकरुद्दीन बेन्नूर सरांसारखी माणसं होती. या संमेलनात वेगळं काय मागितलं गेलं? वेगळी भाषा नाही, वेगळं राज्य नाही. आम्ही मराठीत लिहितो, आमच्या मोहल्ल्यातलं जगणं मराठीत येऊ द्या, एवढंच. मुसलमान म्हणजे उर्दूवाला, मराठी बोलला की ‘अरे, तुमचं मराठी छान आहे’ अशी शाबासकी, हे आजही चालतं. मलाही मिळते, मराठी शिकवत असूनही. बार्शीचे अमर शेख संयुक्त महाराष्ट्रासाठी डफावर थाप मारून गावोगाव गात होते, त्यांचं मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. तो आवाज मराठी होता की नाही याची शंका त्या सभांमध्ये कोणाला आली असेल असं मला वाटत नाही. दलित साहित्य, ग्रामीण साहित्य, जैन साहित्य यांचीही संमेलनं होतात. मराठीचं त्यात काही कमी झालं नाही. उलट ज्यांच्या घरात मराठी पुस्तक नव्हतं त्यांच्या घरात ते गेलं.

एकगठ्ठा मतदानाबद्दल लिहिताना मला थोडा रागही येतो, तो लपवत नाही. बागवान, कुरेशी, मोमीन, नदाफ, तांबोळी, पिंजारी, अत्तार यांचे धंदे वेगळे, लग्नव्यवहार पुष्कळदा आपापल्यात, अडचणी वेगळ्या. यातले अनेक समाज राज्याच्या ओबीसी यादीत आहेत. बेन्नूर सर आयुष्यभर हेच मांडत राहिले, की मुसलमान हा एकच एक गठ्ठा नाही. गठ्ठा बाहेरून बांधला जातो. भीती वाटली की माणसं एकमेकांना धरून बसतात. ऑक्टोबर 2002 ची दंगल ज्यांनी या गावात पाहिली, त्यांना हे वेगळं सांगायला नको. भीती कमी करा, गठ्ठा आपोआप सुटेल. संविधान सभेत बेगम ऐजाज रसूल यांनी मुसलमानांसाठी कायदेमंडळात राखीव जागा नकोत अशी भूमिका 1949 साली घेतली होती. त्या सभेतली ती एकमेव मुसलमान स्त्री. बहुसंख्याकांच्या चांगुलपणावर विश्वास ठेवून तिने आणि इतरांनी तो निर्णय घेतला. त्या विश्वासाचं पुढे काय झालं, हा प्रश्न माझ्याइतकाच तुमचाही आहे.

समाजाला प्रश्न विचारत नाही, हे मात्र चूक. 18 एप्रिल 1966 ला समाजसुधारक हमीद दलवाईंबरोबर सात मुसलमान बायका तोंडी तलाकविरोधात मुंबईत विधानभवनावर गेल्या. सातच होत्या, पण गेल्या. दलवाई आणि बेन्नूर यांची वाट एक नव्हती, मतभेद कडवे होते, आणि समाजात असा वाद असणं मला चांगलंच वाटतं. मीही विचारते. ईदगाह किंवा कब्रस्तानाचा विषय निघाला की शे-दोनशे माणसं जमतात, आणि महापालिकेच्या शाळेत शिक्षक नाही म्हटलं की चार जमत नाहीत, हे मी आमच्याच लोकांसमोर बोलले आहे. काहींना लागलं. लागू दे. पुरुष बैठकीत ठरवतात आणि पाणी भरायला रात्री दोनला उठते ती बाई. चावीवाला कधी येतो, किती वेळ सोडतो, नळाला धार केवढी असते, हे तिलाच माहीत असतं. बैठकीत तीच नसते.

आता ‘करायचं काय’. सुरुवात मतदार यादीपासून. आमच्या बोळातल्या कितीतरी सुना माहेरच्या मतदार यादीत अडकल्या आहेत, काहींची नावं कुठेच नाहीत. एका कागदावर ‘रेश्मा’, दुसऱ्यावर ‘रेश्माबी’, तिसऱ्यावर नवऱ्याचं नाव वेगळ्या स्पेलिंगने. नवं नाव घालायला सहा नंबरचा फॉर्म, पत्ता किंवा नावातली दुरुस्ती करायला आठ नंबरचा. बीएलओ, म्हणजे मतदार यादीचं काम बघणारा कर्मचारी, घरी येतो तेव्हा पुरुष कामावर असतो आणि बाई कागद शोधत बसते. पोलिओ डोसची तारीख मशिदीच्या माइकवरून सांगतात, तशी यादीच्या तपासणीची तारीखही सांगायची, असं आम्ही जुम्म्याला येणाऱ्या मंडळींशी बोललो आहोत आणि ते तयार आहेत. कागद एकसारखे करून फॉर्म भरून घेणं हे किचकट काम आहे, त्याला बसून वेळ देणारी माणसं हवीत.

तुम्ही बँकेतून निवृत्त झालात असं लिहिलंय. केवायसीचे असे गुंते तुम्ही हजारो सोडवले असतील. रविवारी सकाळी आम्ही शाळेजवळच्या समाजमंदिरात बसतो. याल का?