फाशीचा आकडा आणि अपील नसलेली १४ वर्षं

आयझॅक पार्कर म्हटलं की लोक लगेच म्हणतात, 'हँगिंग जज'. म्हणजे फाशी देणारा न्यायाधीश. अमेरिकेत, आर्कान्सा राज्यातल्या फोर्ट स्मिथचे हे संघीय न्यायाधीश. २१ वर्षांत १६० जणांना फाशीची शिक्षा, त्यातले ७९ प्रत्यक्ष फासावर गेले. आकडे खरे आहेत. पण मी सत्र न्यायालयात फौजदारी खटले चालवते, आणि मला या माणसाच्या कारकिर्दीतली दुसरीच गोष्ट झोपू देत नाही.

१८७५ च्या मे महिन्यात पार्कर तिथे आले तेव्हा ते ३६ वर्षांचे होते. अधिकारक्षेत्र केवढं, तर पश्चिम आर्कान्सा आणि शेजारची इंडियन टेरिटरी, म्हणजे मूळनिवासी जमातींचा, आजच्या ओक्लाहोमाचा मुलूख. चेरोकी, क्रीक, चोक्टॉ या जमातींची स्वतःची न्यायालयं होती, पण गोऱ्या माणसाला हात लावायची त्यांना मुभा नव्हती. मग काय, चहूकडचे फरार गुन्हेगार तिथेच दडायला येत. त्यांना घोड्यावरून पकडून आणणारे ६५ डेप्युटी मार्शल पार्करांच्या काळात मारले गेले. गुलामगिरीत जन्मलेले बास रीव्ह्ज याच डेप्युटींपैकी.

कोर्ट भरायचं जुन्या लष्करी बराकीत. खाली तळघरात तुरुंग, दगडी फरशीच्या दोन खोल्यांत कैदी कोंबलेले. उन्हाळ्यात तिथली घाण वर न्यायासनापर्यंत यायची. अशा जागी हा माणूस आठवड्याचे सहा दिवस बसला. पहिल्याच वर्षी, ३ सप्टेंबरला, सहा जणांना एकाच वेळी फाशी झाली आणि पार्करांचं नाव देशभरच्या वर्तमानपत्रांत गाजलं.

इथे मी त्यांची बाजू घेईन. खून आणि बलात्काराला तेव्हाच्या संघीय कायद्यात फाशी हीच शिक्षा होती. ज्युरीने, म्हणजे निकाल देणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळाने, दोषी म्हटलं की न्यायाधीशाच्या हातात काही उरत नसे. शिक्षा हमखास होणार असेल तर मृत्युदंड रद्द व्हावा, असं मत त्यांनी स्वतःच मांडलं होतं.

माझा खरा आक्षेप वेगळा आहे. १८८९ पर्यंत या कोर्टाच्या फाशीवर अपीलच नव्हतं! राष्ट्राध्यक्षांची दया, बस, तेवढी एकच वाट. आपल्याकडे सत्र न्यायालयाने फाशी दिली तरी उच्च न्यायालयाने ती कायम केल्याशिवाय अंमल होत नाही; ते कागद वर पाठवताना आरोपीच्या घरच्यांचे चेहरे मी पाहिले आहेत. त्या एका टप्प्यावर माणसं जगतात.

अपील सुरू झालं आणि ४४ प्रकरणं सर्वोच्च न्यायालयात गेली, त्यातली ३० उलटली. पार्कर ज्युरीला समजावताना फार पुढे जात. आरोपी पळाला यावरून त्याचा अपराध कसा ठरवावा, हे ते ज्या भाषेत सांगत, त्यावर वरच्या कोर्टाने स्पष्ट नापसंती नोंदवली. पार्करांना ते पटलं नाही, त्यांनी उघडपणे वाद घातला. तिथे ते चुकले, असं मी ठामपणे म्हणते. गुन्ह्याने होरपळलेल्या लोकांविषयीची त्यांची कळकळ खरी होती, पण आपलीही चूक होऊ शकते हे ऐकायची त्यांची तयारी नव्हती.

१ सप्टेंबर १८९६ ला टेरिटरीवरचा त्यांचा अधिकार संपला. तेव्हा ते अंथरुणाला खिळले होते, नोव्हेंबरात गेले. क्रीक जमातीचे नेते प्लेझंट पोर्टर यांनी त्यांच्या थडग्यावर रानफुलांची माळ ठेवली. ती माळ मला खरी वाटते. पण १८८९ च्या आधी फासावर गेलेल्यांपैकी कितीजणांचे निकाल वर टिकले असते, हा प्रश्नही तितकाच खरा आहे, आणि त्यांची कागदपत्रं तेव्हा कुणी वर पाठवलीच नाहीत.